पूर्वपक्षाच्या आसनावरून

मंगरपुर, जि. मधुबनी
२० नोव्हेंबर १९८८

प्रिय भैया,

नमस्कार. पाकिटावर तुझं विहारातलं नाव घातलं आहे, पण आत मला भैयाच लिहिता येतं. भिक्षूला चालत नसेल तर तेवढा शब्द गाळून वाच.

इकडे सगळं ठीक. भूकंपात ओसरीची भिंत तडकली होती, ती लिंपून घेतली. सामा-चकेवाचा सण चालू आहे. बायका रोज संध्याकाळी भावांच्या नावाने गाणी म्हणत शेताकडे जातात. मी यंदा मातीचे पक्षी केले नाहीत. शेवटच्या दिवशी ते भावाने मोडायचे असतात, आणि इथे मोडायला आहे कोण? काकी म्हणाल्या, "नावाला तरी कर गं दोन." म्हटलं, हात दुखतात. ते खोटंही नव्हतं.

बाबूजी जेवतात. तिलकोरची पानं तळून दिली तर चार घास जास्त जातात. आमच्या यांचं पूर्णियाहून पुन्हा पत्र आलं, "कधी येतेस" एवढंच. थोड्या दिवसांसाठी म्हणून माहेरी आले होते, आता तिसरा हिवाळा लागला. भैया, मी फार थकले आहे. हे खरं तर पहिल्याच ओळीत लिहायला हवं होतं. तू ये. राहू नकोस हवं तर, पण ये.

तू म्हणशील, बाबूजींनीच तर घालवलं. मला सगळं आठवतं, मी दाराआड तांदूळ निवडत बसलेली असायचे. आपल्या घराण्याने पिढ्यानुपिढ्या बौद्धांचं खंडन केलं. आणि खंडनाआधी त्यांचा पूर्वपक्ष, म्हणजे त्यांचं म्हणणं, असा मांडायचा, की खुद्द बौद्धाने मान डोलवावी, हा आपल्याकडचा नियम. गावात बौद्ध तर औषधालाही नाही. म्हणून बाबूजींनी घरातलं सगळ्यात तल्लख पोर, म्हणजे तुला, बौद्धाच्या आसनावर बसवलं. काका तेव्हाच हसले होते, "पंडितजी, पोराला रोज सोंग चढवताय खरं, उतरलं नाही म्हणजे?"

नाहीच उतरलं. त्या संध्याकाळी तू विचारलंस, कमला नदी दर पावसाळ्यात पात्र बदलते, पाणी तर रोज नवं, मग 'तीच कमला' म्हणजे नक्की काय? नाव सोडलं तर उरतं काय? बाबूजी लालबुंद झाले. "ऊठ. या आसनावर पुन्हा बसू नकोस," म्हणाले, आणि तू खरंच उठलास.

आता जे लिहायचं टाळते आहे ते लिहिते. बाबूजींची आठवण चालली आहे. सूत्रं सगळी मुखोद्गत आहेत, पण सकाळी काय खाल्लं ते दुपारी ठाऊक नसतं. संध्याकाळ झाली की ओसरीवर दोन आसनं मांडायला लावतात आणि हाक मारतात, "शशिनाथ, बस." पहिल्यांदा मी सांगितलं, भैया इथे नाही, बोधगयेला असतो. लहान मुलासारखे रडले. दुसऱ्या दिवशी मीच बसले. त्यांना आता नीट दिसत नाही, आवाज जरा जाड केला की भागतं. तुझा पूर्वपक्ष मला तुझ्याइतकाच पाठ आहे.

गेल्या आठवड्यात ते आत्मा सिद्ध करत होते. नेहमीचंच. "ज्याने काल आंबा पाहिला तोच आज चाखतो आणि म्हणतो, हा तोच. एकाने पाहिलेलं दुसऱ्याला आठवत नाही. म्हणून पाहणारा आणि आठवणारा एकच. तोच आत्मा." यावर बौद्धाने काय विचारावं ते उघड होतं. माझ्याच्याने विचारवेना. मी भलतंच काहीतरी बोलले.

"लबाडी करतोस," ते म्हणाले. "खरा प्रश्न गिळलास. दुबळा पूर्वपक्ष मांडणं म्हणजे माझा अपमान. बोल!"

मग बोलले. "पंडितजी, आज सकाळी तुम्ही काय खाल्लंत?"

ते कपाळ चोळू लागले.

"आठवत नाही ना? मग तो खाणारा गेला कुठे? आठवण हाच पुरावा असेल, तर तुमचा आत्मा रोज थोडाथोडा संपतो आहे."

भैया, बोलून गेले आणि वाटलं, जीभ झडावी. बाबूजी आसनाच्या दर्भाच्या काडीशी चाळा करत राहिले. मग हसले. तू त्यांच्या युक्तिवादात खोट काढलीस की हसायचे ना, तसंच.

"धुरावरून विस्तव कळतो. पण धूर नाही म्हणून विस्तवच नाही, हे कुणी सांगितलं तुला? लोहाराकडचा तापलेला गोळा बघ. आहे धूर? लावून दाखव हात."

याचं उत्तर तुझ्याकडे असेल. मी हात जोडून उठू लागले, तर म्हणाले, "थांब. तू कमलेचं विचारलंस, त्या दिवशी मला काही सुचलं नव्हतं. वादात जो चिडला तो हरला, हे मीच शिकवलं तुला. मी हरलो होतो, शशिनाथ. हरलो म्हणायचं सोडून तुला उठवलं."

हे तुझं आहे. तुझ्या जागी बसून मी ऐकलं, म्हणून कळवते आहे. पण असलं काही टपालाने धड पोचत नाही. ते तुझ्याशी बोलू शकतात तोवर येऊन स्वतः ऐक.

अजून एक राहिलं. आत जाताना त्यांनी माझा खांदा धरला आणि हळूच विचारलं, "ती मुलगी आहे ना, जेवण आणते, पाय चेपते, कुणाची रे ती? तिला जरा बसायला सांगत जा. चालण्यावरून कळतं, फार दमली आहे ती."

मी म्हटलं, "हो बाबूजी. विचारून सांगतो."

भैया, तू ये आणि तुझ्या आसनावर बस. म्हणजे मला एकदा तरी माझ्या स्वतःच्या आवाजात त्यांना सांगता येईल, मी कुणाची ते.

तुझी बहीण,
कात्यायनी

(बुच्ची या लाडक्या नावाने सही करणार होते. पण माझं खरं नाव या घरात आता कुणी घेत नाही, तेव्हा निदान मी लिहिते.)