टेप क्रमांक ११७ आणि माझ्यामागे उरणारं बाकीचं

मी, सिल्वी मारिया कान्तोला, वय वर्षे एक्याऐंशी, राहणार नॉर्थ शाफ्ट, कीविनॉ द्वीपकल्प, राज्य मिशिगन, धंदा पूर्वी रेडिओसाठी लेखकांच्या मुलाखती घेणे, सध्या काही नाही, हे मृत्युपत्र माझ्या स्वतःच्या टाइपरायटरवर, राजीखुशीने आणि कोणाच्याही दडपणाशिवाय लिहून ठेवते. माझं डोकं ठिकाणावर आहे. डॉक्टरांनी तसा दाखला दिला आहे, तो सोबत जोडला आहे. मन ठिकाणावर नाही, पण त्याचा दाखला कायद्याला लागत नाही. याआधीची माझी दोन्ही मृत्युपत्रं रद्द समजावीत. पहिल्यात मी खोटं लिहिलं होतं. दुसऱ्यात जे लिहायला हवं होतं तेच गाळलं होतं.

माझे वकील डेल ट्रूडो यांचं म्हणणं, "सिल्वी, ही मुलाखत नाही. कोणाला काय द्यायचं ते सांग आणि मोकळी हो." चौतीस वर्षं मी दुसऱ्यांचं ऐकून घेतलं, तेव्हा आता त्यांनी थोडं माझं ऐकावं. या कागदाचं खरं काम कलम ५ मध्ये आहे. तिथे जायला माझे पाय मागे ओढतात, म्हणून आधी सोपं सोपं उरकून घेते.

कलम १. राहतं घर, त्यामागचं सौनाघर, म्हणजे वाफेच्या अंघोळीची खोली, आणि लाकडाची वखार माझा भाचा वेन याला द्यावी. अट एकच. सौना दर शनिवारी पेटवावी आणि शेजारपाजारच्यांना बोलवावं. त्यात विजेची शेगडी बसवली तर घर त्याच्या बहिणीला जाईल. हिवाळ्यात छपरावरचा बर्फ स्वतः काढावा. गेल्या वर्षी कोणी तरी येईल म्हणून तो वाट बघत बसला आणि पडवी खाली आली, हे मी विसरलेली नाही.

कलम २. बँकेतली शिल्लक गावच्या वाचनालयाला द्यावी. वाचनालयाच्या नावाबद्दल पुढे लिहिते आहे. ते वाचून झाल्यावर विश्वस्तांना पैसे नको वाटले तर वेनने ते घेऊन नवीन पडवी बांधावी.

कलम ३. टाइपरायटर आणि माझा जुना टेपरेकॉर्डर. हे दोन्ही कोणत्याही विद्यापीठाला देऊ नये. एकदा तिकडचे एक प्राध्यापक आले होते. आमच्या लेखकांना त्यांनी "स्थानिक रंगाचे नमुने" म्हटलं, मी भाजलेल्या पेस्टीवर, आमच्या खाणवाल्यांच्या मांस-बटाट्याच्या करंजीवर, सॉस ओतला आणि वीस टेपा उसन्या नेल्या. त्या परत मागायला मला सहा वर्षं पत्रं लिहावी लागली. त्यांना मी माफ केलेलं नाही आणि मरणानंतरही करणार नाही.

कलम ४. टेप क्रमांक १ ते २१२, एक सोडून, वाचनालयात कोणालाही ऐकायला मिळाव्यात. त्यात खाणकामगार आहेत, शाळामास्तर आहेत, मालवाहू बोटीवरचा एक आचारी आहे जो कांदे चिरता चिरता कविता जुळवायचा. न्यूयॉर्कला यांतल्या कोणाचं नावही माहीत नव्हतं. त्यांनाही न्यूयॉर्कचं फारसं काही वाटत नव्हतं, निदान माइकसमोर तरी.

या टेपा ऐकणाऱ्यांसाठी माझ्या कामाची रीत इथे लिहून ठेवते, कारण कलम ५ तिच्यावाचून कळणार नाही. मी लेखकाच्या स्वयंपाकघरात जाई. आधी कॉफी आणि वेलचीचा गोड पाव, मग मुलाखत. रविवारी तिचा निवडक भाग रेडिओवर जाई. पुढे पूर्ण मुलाखत आमच्या त्रैमासिकात छापायची म्हणून मी ती टेपवरून टाइप करून लेखकाकडे पाठवी. बोलण्याच्या भरात गेलेलं आणि नंतर नकोसं झालेलं जे काही असेल ते लेखक पेन्सिलीने खोडून, शेवटी सही करून प्रत परत करी. खोडलेलं मी कधी छापलं नाही. ही रीत इथे सगळ्यांना ठाऊक होती. अंकात काही गळलेलं दिसलं की लोक समजून जात, लेखकानेच खोडलं. का खोडलं, असं कोणी विचारत नसे. आम्ही फिनलंडहून आलेल्यांची पोरं, आम्ही एकमेकांना असलं काही विचारत नाही.

आणखी एक. आमची माणसं पुष्कळदा "हो" म्हणताना श्वास आत ओढतात. बाहेरच्याला वाटतं माणूस दचकला. ते पक्कं "हो" असतं, तोंडाने म्हटलेल्या "हो"पेक्षाही पक्कं.

कलम ५. टेप क्रमांक ११७, ऑक्टोबर १९८४. लेखक रेइनो सारिमाकी, घर आमच्याच रस्त्यावर, चौथं.

रेइनोची कादंबरी शाळेत लावलेली आहे. खाणीच्या संपात नवरे गमावलेल्या पाच बायका त्यात एकेक प्रकरण आपापल्या तोंडाने सांगतात. पुरुषाला बायकांचं मन इतकं कसं कळलं, असा मोठा लेख मीच पहिल्यांदा लिहिला होता. त्या लेखाला बक्षीस मिळालं. माझा कार्यक्रम बंद होणार होता तो त्यामुळे वाचला. अकरा वर्षं मी त्या स्वयंपाकघरात जात होते. रेइनोची बायको लेम्पी मला कॉफी ओतून देई, पाव कापून पुढे ठेवी आणि शेगडीशी उभी राही. माइक मी एकदाही तिच्याकडे वळवला नाही.

त्या दिवशी पावाच्या ताटलीखाली शाळेची एक जुनी वही होती. मी ताटली ओढली आणि वही उघडी पडली. तिसऱ्या बाईचं प्रकरण, पेन्सिलीने लिहिलेलं, मधेमधे शब्द बदललेले, आणि अक्षर लेम्पीचं. टेप चालू होती. मी बाई चौकस, विचारून मोकळी झाले.

"रेइनो, बायकांची प्रकरणं लेम्पीने लिहिली का?"

टेपवर पुढे बराच वेळ शेगडीचा आवाज आहे. मग रेइनोने श्वास आत ओढला. लेम्पीने कॉफीचं भांडं खाली ठेवलं, तेही ऐकू येतं. तो म्हणाला, "आता पुढचं विचार." मी पुढचं विचारलं.

घरी येऊन मी टाइप केलं, जसं होतं तसं: "हो." प्रत रेइनोकडे पाठवली. आठ दिवसांनी परत आली. त्याने हवामानाबद्दलची दोन वाक्यं खोडली होती, चुलतभावाबद्दलचं एक खोडलं होतं. ते "हो" खोडलेलं नव्हतं. खाली सही होती. मोजकंच बोलणारा तो माणूस, त्याने आयुष्यात एकदा सांगायचं ठरवलं आणि दोनदा सांगितलं, एकदा श्वासाने आणि एकदा न खोडून.

खोडलं मी.

पुढच्याच महिन्यात वाचनालयाला रेइनोचं नाव द्यायचं होतं. त्यासाठी दारोदार सह्या मी गोळा केल्या होत्या. भाषण मी करणार होते आणि ते त्याच लेखावरून बेतलेलं होतं. "हो" छापलं असतं तर रेइनोचं फारसं बिघडलं नसतं, त्याची तयारी होती. हसं झालं असतं ते माझं. मी अकरा वर्षं चुकीच्या माणसाची मुलाखत घेत होते, हे सगळ्या मुलखाला कळलं असतं. म्हणून त्या जागी मी "(लेखक गप्प राहिले.)" असं टाइप केलं आणि पान छापखान्यात पाठवलं.

रेइनोला हे कधीच कळलं नाही. आपलं छापून आलेलं तो वाचत नसे. त्याच्या लेखी ते सांगून झालं होतं.

पंधरा वर्षांनी लेम्पी वारली. त्यांची एकुलती एक मुलगी मार्लीस, राहणार मिनिआपोलिस, हिने बापाला पत्र लिहून सरळ विचारलं, ती प्रकरणं आईची होती ना? लहानपणी तिने आईला सौनाच्या बाहेरच्या खोलीत वही मांडीवर घेऊन लिहिताना पाहिलं होतं. रेइनोने दोन ओळींचं उत्तर पाठवलं: मला जे सांगायचं होतं ते मी सिल्वीच्या अंकात सांगितलं आहे, तो वाच. मार्लीसने अंक मिळवून वाचला. "लेखक गप्प राहिले." बाप आपली टिंगल करतोय असं तिला वाटलं. ती त्याच्याशी बोलायची बंद झाली. सात वर्षांनी रेइनो गेला, तेव्हा ती अंत्यविधीला आली नाही. मी गेले होते. पहिल्या बाकावर बसले होते, कारण मला तिथे बसवलं.

या सप्टेंबरात मार्लीस आईबापांचं घर विकायला आली. माझ्याकडेही आली. वह्या सापडल्या नाहीत, म्हणाली, तुमच्या टेपवर काही आहे का? मी म्हणाले, ती टेप खराब झाली. ती आभार मानून गेली. त्या दिवसापासून माझा एका जागी पाय ठरत नाही. सौना तीनदा घासली. लाकडं या भिंतीची त्या भिंतीला रचली. जेवायला बसते आणि उठते.

तरी टेप क्रमांक ११७ आणि रेइनोच्या सहीची मूळ प्रत, दोन्ही माझ्या मृत्यूनंतर मार्लीसला द्यावीत.

कलम ६. वरच्या कलमातले "माझ्या मृत्यूनंतर" हे शब्द मी खोडले आहेत. खोडण्याच्या जागी माझी आद्याक्षरं आहेत, वकिलांनी पाहावीत. वाचून पाहिलं तेव्हा माझी मलाच लाज वाटली. शिव्या खायला आपण नसू, अशा बेताने मी खरं सांगत होते. शनिवारी मी मार्लीसला फोन केला, टेप शाबूत आहे म्हणून सांगितलं. काल ती गाडी हाकत आली, कोट न काढता बसली. मी टेप लावली.

रेइनोचा श्वास आला तशी तिने हात वर केला. मी टेप थांबवली. तिला अर्थ सांगावा लागला नाही. मग मी सहीची प्रत तिच्यापुढे ठेवली आणि अंकाचं पान शेजारी ठेवलं. तिने दोन्हींवरून बोट फिरवलं. बराच वेळ लागला. मी दोनदा उठून खिडकीशी गेले.

"म्हणजे बाबांना वाटत होतं की हे छापलंय," ती म्हणाली.

मी हो म्हणाले. क्षमा मागितली. ती तिने दिली नाही, आणि इथे मी ती मागत नाही.

टेप आणि प्रत ती घेऊन गेली आहे. सबब कलम ५ मधली ती वाटणी पुरी झाली असं समजावं. वाचनालयाच्या पाटीवर लेम्पी सारिमाकी हे नाव आधी आणि रेइनोचं नंतर लावावं, अशी माझी विश्वस्तांना लेखी विनंती आहे. माझा बक्षीसपात्र लेख टेपांबरोबर ठेवू नये.

मार्लीस निघताना दारात थांबून मला जे बोलली तेही इथे नोंदवते. चौतीस वर्षं मी लोकांची उत्तरं टाइप केली, हे एक माझं.

तिने विचारलं, "अंक निघाला तेव्हा आईने वाचला होता?"

मी सांगितलं, वाचला होता. न्यायला ती स्वतः इथे आली होती, याच दारात, उभ्या उभ्या ते पान काढून वाचलं.

"काय म्हणाली?"

"म्हणाली, 'रेइनोने खोडलेलं दिसतंय.'"

मार्लीसने दाराची कडी धरली होती. ती सोडली नाही. "आणि तुम्ही काय म्हणालात?"

"मी विचारलं, 'लेम्पी, कॉफी घेतेस?'"

वरील सर्व मजकूर मी स्वतः टाइप केला असून पुन्हा वाचून पाहिला आहे. कलम ५ मधले दोन शब्द सोडता यात काही खोडलेलं नाही.

सही: सिल्वी मारिया कान्तोला

आम्ही खाली सही करणारे, आमच्यादेखत वरील बाईंनी सही केली. आम्हाला या मृत्युपत्राने काहीही मिळत नाही.

साक्षीदार १: आर्ने पेल्टोला, निवृत्त बसचालक, नॉर्थ शाफ्ट
साक्षीदार २: रोझमेरी ट्रेवॅरो, शिवणकाम, नॉर्थ शाफ्ट

ठिकाण: नॉर्थ शाफ्ट, मिशिगन
दिनांक: १५ नोव्हेंबर २०१९