सायलेंटचं बटण

लक्ष्मीबाई नगर, नवी दिल्ली
९ नोव्हेंबर १९९७

प्रिय श्रावस्ती,
सप्रेम जयभीम.

तू आणि सिद्धांतराव मजेत असाल. इथे सगळं ठीक. पंखे बंद झाले, स्वेटर निघाले. स्वयंपाक जमतो मला. वरणाला वरण म्हणावं इतपत तरी. फोनवर मी दोन मिनिटांत "बरं, ठेवतो" म्हणतो हे तुला ठाऊकच आहे, म्हणून पत्र.

ऑफिसात आता सगळं व्हिडिओवर आलं. माझा प्रोजेक्टर स्टोअरमध्ये जमा करायचा होता, म्हणून मंगळवारी पुसायला घेतला. मागच्या एका बटणावर चिकटपट्टी होती. माझे उस्ताद शांताराम यांनी ती लावली होती. "याला हात लावू नकोस, बोलपट घोगरा होतो," असं बजावलं होतं. सव्वीस वर्षं मी लावला नाही. असा आज्ञाधारक तुझा बाप. पुसताना पट्टी आपोआप सुटली, खाली लिहिलेलं, 'सायलेंट'.

म्हणजे मूकपट हळू चालवायचा असतो, आणि मी नोकरीभर तो बोलपटाच्या वेगाने पळवला.

तुला ती पॉलिनेशियातल्या बेटांची जुनी मूक फिल्म आठवते? कॉलनीच्या मैदानात चादर बांधून दाखवायचो. माणसं तुरुतुरु नारळावर चढायची, बायका झाडाच्या सालीचं कापड खटाखट कुटायच्या, आणि तुम्ही पोरं हसून लोळायचात. शेवटी एक मुलगी होडीत बसते आणि तिचा बाप तिला पाठीत ढकलतो. तू सात वर्षांची होतीस. विचारलंस, "बाबा, तो तिला हाकलतोय का?" मी म्हणालो, "कामाची घाई असेल त्याला."

मंगळवारी ते बटण फिरवून तेच रीळ लावलं. आमचे सेक्शन ऑफिसर डोकावले. म्हणाले, "काशीनाथजी, आज आपके टापूवाले थक गए क्या?" बेटावरचे लोक थकले नव्हते, नीट चालत होते. कापड कुटणारी बाई मध्येच थांबून मनगट चोळते, ते मी पहिल्यांदाच पाहिलं. आणि तो बाप ढकलत नाही गं. तो पाठीवर हात ठेवतो. होडी हलली तरी काढत नाही, गुडघाभर पाण्यात तिच्याबरोबर चालत जातो.

मी ते पाच वेळा पाहिलं.

फेब्रुवारीत तुझी आई गेली, तिचं पुण्यानुमोदन झालं, त्याच्या दुसऱ्या दिवशी तू म्हणालीस, "बाबा, मी महिनाभर राहते." आणि मी तुझी बॅग उचलून खाली नेली. "चल चल, गुडगावची बस भरेल, रजा वाया घालवू नकोस." तू गेलीस, ती नऊ महिने आली नाहीस. मागच्या पत्रात विचारलंस, मी तुम्हाला नकोशी झाले होते का. मी त्याला हवापाण्याचं उत्तर धाडलं.

नाही बेटा, कधीच नाही. तू थांबली असतीस तर मी तुझ्यासमोर ढसाढसा रडलो असतो. आई गेलेल्या पोरीला बापालाही सांभाळावं लागू नये, एवढंच डोक्यात होतं. चुकलो. तू मला तेव्हा हवी होतीस, आजही हवी आहेस.

येत्या रविवारी सकाळी गुडगावला येतो. चार जोडी कपडे भरलेत. परत कधी जाणार ते मी ठरवलेलं नाही. तूही विचारू नकोस.

तुझ्याकडे निघालेला,
बाबा