काउंटची तलवार

१ ऑक्टोबर, बुध.
खंडेनवमी. इथे अमेरिकेत माझ्याकडे शस्त्र म्हणजे भाजीची सुरी. म्हणून शेजारच्या स्टेफानला म्हटलं, तुझी तलवार दे पूजेला. पोलंडचा काउंट, म्हणजे तिकडचा सरदार, वय ८७. तरुणपणी एकट्याने शिडाच्या होडीतून अटलांटिक ओलांडला, गालावरचा व्रण द्वंद्वातला (असं तो म्हणतो). आता हौस चित्रकार पोसण्याची. काचेच्या कपाटाचं कुलूप स्वतः उघडलं त्याने. मी पातं पुसून तेल लावलं. हळदकुंकू, झेंडूचं फूल. म्हातारा रडला. "डॉक्टर, आजोबांनंतर तिला कुणी मान दिला नव्हता." परत कपाटात ठेवत होता. मीच म्हटलं, दसऱ्यापर्यंत राहू दे टेबलावर.

२ ऑक्टो., दसरा
स्टेफानकडे चहा. मी आणि त्याचा लाडका चित्रकार मार्को. दहा वर्षं ह्याच्याच गॅरेजमध्ये रंगवतोय. मार्कोने नव्या चित्रावरची चादर ओढली. स्टेफान, नागडा, लाकडी घोड्यावरून पडताना. स्टेफानने तलवार उचलून वार केला. चित्र वाचवायला मार्कोने हात घातला. उजवं मनगट, हाडापर्यंत. रक्त पार छतावर. पदर फाडून आवळला, शीर मुठीत दाबून बसले. स्टेफान गरजतोय, "मरू दे त्याला!" मी ओरडले, "शट अप, यू ओल्ड फूल, अँड कॉल नाइन-वन-वन!" कॉन्व्हेंटच्या सिस्टर्सनी शिकवलेलं सगळं सभ्य इंग्रजी तिथेच संपलं.

३ ऑक्टो.
मार्कोच्या मनगटातल्या कंडरा सर्जननी जोडल्यात. बोटं हलतील का, सांगत नाहीत. स्टेफान कोठडीत. नेहाचा अर्विंगहून फोन. "आई, डोन्ट से अ वर्ड. लॉयर बघते मी. तलवारीला धार तू लावलीस ना?"
धार नाही गं बाई, तेल!

६ ऑक्टो., सोम.
मार्कोला भेटून आले. म्हणतो, "अडखळून मीच पात्यावर पडलो. डॉक्टर, तुम्हीही तेच सांगा. तो तुरुंगात मरेल." तिकडे स्टेफानचा वकिलाकरवी निरोप: अपघात म्हणून माझा अपमान करू नका, मी मारायलाच उचलली होती. दोघेही ठार मूर्ख! एकाचा हात गेला, दुसऱ्याची अक्कल. आणि निकाल म्हणे माझ्या साक्षीवर.

७ ऑक्टो.
सकाळी दहाला डिटेक्टिव्ह येणार.
एक गोष्ट त्या दिवशी इथे लिहिली नाही. स्टेफानने तलवार उचलली आणि परत खाली ठेवली होती. खरंच ठेवली होती. मग चित्राकडे बघून मी हसले. मोठ्याने.
हे जर
बेल वाजली.