जैसे थे

३० मे
बदलीची ऑर्डर निघाली. माझी. मैंदर्गीला. माझ्या जागी तिथला श्रीशैल येणार. मुदत पूर्ण व्हायच्या आत बदली, म्हणजे सरळसरळ बेकायदेशीर. साहेबांना तोंडावर सुनावणार होतो, पण ते केबिनमध्ये होते.
संकल्प : सोलापूर सोडायचं नाही.

२ जून
ऑर्डर हातात घेतली नाही तर बदली होत नाही, हे ऑफिसातलं शेंबडं पोरही सांगेल. आजपासून मेडिकल रजा. कारण, कंबर. पद्मजा म्हणाली, कुठली बाजू दुखते ते एकदा ठरवून घ्या. बायकोला प्रशासन कळत नाही.

४ जून, दुपारी
शिपाई माउली कार्यमुक्तीचं पत्र घेऊन दारात. मी बाथरूममध्ये. पद्मजानं सांगितलं, झोपलेत. नेमकी तेव्हाच बादली लवंडली. माउली म्हणाला, व्हय, झोपू द्या की. मग पत्र दाराला चिकटवलं, मोबाइलवर फोटो काढला आणि चहा पिऊन गेला.
पत्र मी वाचलेलं नाही. न वाचलेल्या पत्राला कायद्यात किंमत नाही.

४ जून, संध्याकाळी
वाचलं. आजपासून एकतर्फी कार्यमुक्त. हास्यास्पद.

९ जून
वकील केले. मॅटमध्ये जायचं. पद्मजानं विचारलं, योगाची का? म्हटलं, सरकारी नोकरांचं कोर्ट आहे ते, मुंबईला.
मुद्दे भक्कम. एक, मुदत. दोन, कंबर. तीन, मला कानडी येत नाही, तेव्हा मैंदर्गीच्या जनतेशी संवाद कसा साधणार? हा मुद्दा खास माझा. वकिलांनी तो मला दोनदा सांगायला लावला. भारावले असावेत.
पद्मजा म्हणाली, इथं तरी जनतेशी कुठं बोलता.

१७ जून
जिंकलो! वकिलांचा फोन. पुढच्या तारखेपर्यंत 'जैसे थे'. ते पुढंही काहीतरी सांगत होते, पण मी पेढ्यांच्या दुकानात शिरलो होतो, ऐकू येईना.
पद्मजानं विचारलं, जैसे थे म्हणजे? म्हटलं, होतं तसं. ती म्हणाली, म्हणजे कधी होतं तसं? शिक्षिकेशी लग्न करू नये.

१८ जून
पेढे घेऊन ऑफिसात गेलो. माझ्या खुर्चीवर श्रीशैल. माझ्याच उशीवर.
साहेबांनी बसा म्हटलं नाही. म्हणाले, काल श्रीशैल इथं हजर होता आणि तुम्ही कार्यमुक्त होता. तेच जैसे थे. तो राहील खुर्चीवर, तुम्ही राहा कार्यमुक्त.
सही करावी म्हणून मस्टर उघडलं तर नाव नाही. माउली हळूच म्हणाला, सायेब, तुमी आता हितं न्हाय की.
पेढे मात्र सगळ्यांनी खाल्ले. श्रीशैलनं दोन.

२५ जुलै
पुन्हा तारीख पडली. पगार नाही. शेजाऱ्यांना कळू नये म्हणून रोज डबा घेऊन निघतो आणि तलावाकाठच्या बाकावर बसतो. निर्धार कायम आहे. पद्मजानं मैंदर्गीच्या एसटीच्या वेळा विचारून ठेवल्यात. मी विचारल्या नव्हत्या.

११ ऑगस्ट
मैंदर्गीला जाऊन आलो. माघार म्हणून नव्हे, जनतेची गैरसोय नको म्हणून. तिथले साहेब गुरुबसप्पा. हात जोडले, हजर करून घ्या म्हटलं. माझ्याहून स्वच्छ मराठीत म्हणाले, घेतलं असतं हो, जागा रिकामीच आहे, पण तुमच्याच केसमध्ये जैसे थे आहे. तुम्हाला बसवलं तर कोर्टाचा अवमान होईल.
खुर्ची पाहिली. खिडकीपाशी, पंख्याखाली. सोलापूरच्यापेक्षा बरी. खरं सांगायचं तर जीव तुटला. कुठल्या का होईना, मस्टरवर सही करावीशी वाटते.
स्टँडवरून वकिलांना फोन लावला, केस मागे घ्या म्हटलं. त्यांनी विचारलं, कारण काय लिहू?
म्हटलं, कंबर बरी झाली.