बारक्याचा वाटा

मी, हे मृत्युपत्र लिहून ठेवणारा, गल्लीत ‘कात्रीकाका’ या नावाने ओळखला जाणारा, धंदा केशकर्तनाचा, वय सत्तरीच्या पुढे, राहणार दुकानाच्याच वरच्या मजल्यावर, आज पूर्ण शुद्धीवर असून, कोणाच्या धाकाने, आग्रहाने वा गोड बोलण्याने नव्हे तर स्वतःच्या मर्जीने पुढील मजकूर लिहीत आहे. माझा हात अजून थरथरत नाही. ज्याला शंका असेल त्याने खुर्चीत बसावे आणि वस्तऱ्याने दाढी करून घेऊन खात्री करावी. यापूर्वी मी एकही मृत्युपत्र केलेले नाही. मरायला सवडच झाली नव्हती.

कलम १. वारस. मला दोन मुले आहेत. थोरली मुलगी जनावरांची डॉक्टर असून परगावी राहते. धाकट्या मुलाला घरीदारी सगळे ‘बारक्या’ म्हणतात. तो आता दुकानात शिरताना चौकटीखाली वाकतो, तरी नाव तेच राहिले. तो माझ्याबरोबर दुकान चालवतो. मुलांची आई हयात आहे. आमची फारकत कोर्टातून रीतसर झालेली आहे. दोघांना मी एकट्याने वाढवले. बारक्या माझ्या रक्ताचा नाही. ही गोष्ट त्याला, थोरलीला आणि सगळ्या गल्लीला ठाऊक आहे, तेव्हा कोणी ती नवीन शोध लावल्यासारखी सांगत फिरू नये.

कलम २. वरच्या दोन खोल्या व स्वयंपाकघर. ही मिळकत वडिलोपार्जित नसून माझ्या स्वकष्टाची आहे. ती दोघांच्या नावे समान व्हावी. समान म्हणजे कागदावर. मध्ये भिंत घालायची नाही. थोरली येईल तेव्हा खिडकीजवळची कॉट तिची, मग बारक्याकडे कितीही पाहुणे उतरलेले असोत.

त्या खिडकीबद्दल थोडे लिहितो. थोरली पहिलीत असताना तिची आई मला म्हणाली, “मला इथं कोंडल्यासारखं होतं.” मी सुताराला बोलावून खिडकी मोठी करून घेतली. नव्या खिडकीतून ती महिनाभर बाहेर बघत बसली, आणि मग एका सकाळी कपडे वाळत घालून, पोरीचा डबा भरून, निघून गेली. दुसऱ्या माणसाबरोबर गेली हे मला नंतर कळले. आमचे कधी भांडण झाले नव्हते. भांडण असते तर मिटवता तरी आले असते.

पुढचे काही आठवडे आम्ही बापलेकींनी जे शिजवून खाल्ले त्याला नाव नाही. पण खरी पंचाईत केसांची झाली. मुलींनी दोन वेण्या घालूनच यावे, असा शाळेचा नियम. उभा जन्म मी केस कापत आलो, बांधायची वेळ कधी आली नव्हती. माझ्या हातची वेणी प्रार्थनेपर्यंत टिकायची, वर्गात जाईतो सुटायची. एक दिवस थोरली रडवेली होऊन म्हणाली, “बाबा, कापूनच टाका. तुम्हाला तेवढंच येतं.”

हे बोलणे समोरच्या घरातल्या मुख्याध्यापिकाबाईंच्या कानावर गेले असावे. रविवारी, भरल्या दुकानात, बाई सरळ आत आल्या, आकडे काढून केस मोकळे सोडले आणि खुर्चीत बसल्या. पुरुषांच्या दुकानात बाईमाणूस! बाकावरची सगळी गिऱ्हाइके उठून उभी राहिली. एकाच्या तर तोंडाला फेस होता.

“घाला वेणी,” बाई म्हणाल्या. “जमेपर्यंत घाला. मी उत्तरपत्रिका आणल्यात तपासायला.”

मी घालत गेलो, त्या “सैल”, “वाकडी”, “पुन्हा” म्हणत गेल्या, मान वर न करता. दिवेलागणीला त्यांनी वेणीला हिसका देऊन पाहिला आणि म्हणाल्या, “पास.” थोरलीची वेणी त्यानंतर कॉलेज संपेपर्यंत सुटली नाही. म्हणून या मृत्युपत्राची अंमलबजावणी बाईंनी करावी. त्यांना मी काही ठेवलेले नाही, कारण त्या घेणार नाहीत आणि वर मला शुद्धलेखनाच्या चुका दाखवतील.

कलम ३. दुकान. दुकानाची जागा, दोन्ही खुर्च्या, भिंतभर आरसा, कात्र्या, वस्तरे, मशिनी आणि बाहेरचा बाक, सर्व बारक्याचे. अट एकच : पहिल्यांदा केस कापायला आलेले मूल रडले तर त्याचे डोके दाबून धरू नये. रडून घेऊ द्यावे. गिऱ्हाईक थांबते.

आमच्या धंद्यात माणूस आधी आरशात दिसतो आणि मग प्रत्यक्ष. मुलांची आई परत आली तेव्हा मला ती आरशातच दिसली. थोरली तिसरीत होती. मी एका गिऱ्हाइकाच्या कानामागे वस्तरा लावला होता, म्हणून वळलो नाही. दारात ती उभी, छातीशी दुपट्यात गुंडाळलेले मूल. ज्याच्याबरोबर गेली होती तो तिला अर्ध्यावर टाकून गेला होता. तिला बोटीवर स्वयंपाकघरात काम लागले होते, आणि बोटीवर तान्हे मूल चालत नाही. एवढे सगळे ती तीन-चार वाक्यांत बोलली. तिला पहिल्यापासून थोडक्यात बोलायची सवय.

मी आरशातच म्हणालो, “राहा.”

“राहायला नाही आले मी. राहिले तर पुन्हा जाईन. याला घेता का?”

खुर्चीतले गिऱ्हाईक श्वास रोखून माझ्याकडे बघत होते. अर्थात वस्तरा त्याच्या कानामागे होता, हेही कारण असेल. मी तेवढी बाजू पुरी केली, वस्तरा पुसून ठेवला आणि म्हणालो, “हात धुऊन येतो.”

बारक्या असा आला. माझ्या ओल्या हातांवर त्याने पहिली जांभई दिली.

थोरली शाळेतून आली, तिने दुपट्यात डोकावले आणि विचारले, “आई कुठंय?” गेली म्हणालो. तिने दुपटे आणखी थोडे बाजूला सारले. मग म्हणाली, “याला टक्कल आहे. तुमचा काही धंदा होणार नाही याच्यावर.”

घरी सांभाळायला कोणी नाही, म्हणून बाळ दुकानात. माझे दोन्ही हात कामात, म्हणून दुकानाचा नियम केला : जो बाकावर बसेल त्याने बाळ धरायचे, नंबर लागला की पुढच्याच्या मांडीवर द्यायचे. सुरुवातीला लोक दचकले. मग केस वाढलेले नसताना येऊ लागले. इस्त्रीवाल्याच्या डोक्यावर तर कापण्यासारखे काही उरलेच नव्हते, पण तोही रोज दुपारी येऊन नंबर लावायचा, आणि नंबर आला की म्हणायचा, “आधी त्यांचं होऊ द्या, मला घाई नाही.” बारक्या असा गल्लीभरच्या मांड्यांवर वाढला. आजही त्याला कोणाच्याही शेजारी बसून बोलता येते, ते तिथलेच शिक्षण.

कलम ४. दाढीची पितळी वाटी व ब्रश. हे दोन्ही निवृत्त फौजदारसाहेबांना द्यावे. कारण असे.

बारक्या रांगायला लागला होता. सकाळपासून त्याला कणकण होती, मी औषध पाजले होते. फौजदारसाहेब खुर्चीत, अर्धी दाढी झालेली. एवढ्यात बाकावरून इस्त्रीवाला ओरडला, “काका, हा बघा कसा करतोय!” बारक्याला आकडी आली होती. डोळे पांढरे, अंग लाकडासारखे, ओठ निळे. थोरली वह्या टाकून धावली. मी ब्रश हातात घेऊन उभा. फौजदारसाहेब खुर्चीतून उठले, गळ्यातले फडके तसेच, अर्ध्या तोंडाला फेस, आणि गरजले, “काका, पोर उचला! जीप बाहेर आहे!”

ते जीप अशी चालवत होते की रस्ता आपोआप मोकळा होत होता. अर्थात तो फेस पाहूनही लोक बाजूला झाले असतील. इस्पितळात बारक्याला माझ्या हातातून घेतले आणि दार लावले. नर्सने बाहेर येऊन विचारले, “मुलाचे वडील कोण?”

तोवर मला तसे कोणी विचारले नव्हते. विचारले असते तर मी काय म्हणालो असतो, कोण जाणे. ‘माझ्याकडे असतो’ म्हणालो असतो, ‘मी सांभाळतो’ म्हणालो असतो. त्या दिवशी मी म्हणालो, “मी.” इतक्या मोठ्याने म्हणालो की बाकावरची माणसे वळून बघू लागली. नर्स म्हणाली, “ओरडू नका. ताप उतरतोय. या आत.”

फौजदारसाहेबांची उरलेली दाढी मी दुसऱ्या दिवशी केली. तोवर ते तसेच, अर्ध्या तोंडाने, ड्यूटी करून आले होते. त्यांना कोणी काही विचारायची हिंमत केली नाही.

कलम ५. माझे थोरले बंधू. त्यांना माझ्या मिळकतीतून काहीही मिळू नये. त्यांची स्वतःची स्थिती उत्तम आहे, परंतु कारण ते नाही. बारक्या आला त्या आठवड्यात बंधू दुकानात आले आणि चार गिऱ्हाइकांसमोर म्हणाले, “कोकिळेचं पोर कावळ्याच्या घरट्यात! लोक हसतायत आपल्याला. अनाथालयात ठेव.” मी म्हणालो, “दादा, कावळा तर कावळा. घरटं माझं आहे.” त्यानंतर ते वर्षभर दुसरीकडे दाढी करायचे. परत आले ते न बोलता आले आणि मीही न बोलता फडके बांधले. पण ते वाक्य त्यांनी मागे घेतले नाही, आणि मी विसरलो नाही.

तरी भाऊ तो भाऊ. सबब त्यांची दाढी व केस या दुकानात हयातभर फुकट व्हावेत. मात्र ते काम बारक्यानेच करावे, वस्तऱ्यानेच करावे, आणि गळ्यापाशी आल्यावर घाई करू नये.

कलम ६. हा कागद का केला. बारक्या सहावी-सातवीत असताना शाळेत कोणीतरी त्याला टोचले. तो दुकानात आला, खुर्चीत बसला. त्याचे केस कापायचे झालेच होते, मी कापू लागलो. थोड्या वेळाने आरशात बघत म्हणाला, “बाबा, मी तुमचा नाही म्हणे.”

मी कात्री थांबवली नाही. म्हणालो, “तुझी आई तुला घेऊन आली, आणि तिनं मला विचारलं, घेता का. मी हो म्हणालो. ताईच्या वेळी मला कोणी विचारलंही नव्हतं.”

त्याने ते चांगले घोळवून घेतले. मग विचारले, “हे ताईला सांगू?”

“सांग की.”

अर्धे डोके तसेच घेऊन तो जिना चढून पळाला. वरून थोरलीचा आवाज आला, “बाबा! काय शिकवता याला!” आणि मग दोघांची धपाधप. मला त्या दिवशी फार हलके वाटले.

मी दत्तकाचा कागद कधी केला नाही. जो आपला आहे त्याला दत्तक काय घ्यायचे, अशी माझी समजूत. गेल्या महिन्यात थोरली सुट्टी काढून आली, बरोबर वकील घेऊन. वकील म्हणाले की काका, तुम्ही असेच गेलात तर कायद्याने सगळे मुलीचे. मी म्हणालो, मग ती देईल की भावाला, तिला सांगावे लागणार नाही.

थोरली म्हणाली, “देईन. पण बाबा, मी दिलं तर तो उपकार होईल. तुम्ही दिलंत तर तो वाटा होईल. त्याला जन्मभर माझे उपकार कशाला?”

बोलून ती चहा टाकायला आत गेली. मी वकिलांना म्हणालो, “लिहायला घ्या.” बँकेत जे काही असेल तेही दोघांत निम्मे-निम्मे.

कलम ७. मुलांची आई. बोटीवरचे काम संपल्यावर तिने दूरच्या गावी एका वसतिगृहाचे स्वयंपाकघर सांभाळले. मुले तिला भेटतात. बारक्या पहिल्यापासून भेटतो. थोरलीने पुष्कळ वर्षे अबोला धरला, मग स्वतःला मूल झाल्यावर सोडला. माझ्या माघारी ती आली तर तिला पुढे बसायला जागा द्यावी आणि कोणी शब्दाने दुखवू नये. तिने मला एकच गोष्ट विचारली होती, आणि ती विचारली याबद्दल मी तिचा आभारी आहे.

कलम ८. शेवटचे. मला निरोप द्यायला दुकान एकच दिवस बंद ठेवावे. माणसाच्या डोक्यावरचे केस कोणासाठी थांबत नाहीत.

आता एका शब्दाचा खुलासा. मघाशी वकिलांनी कच्चा मसुदा वाचून दाखवला. त्यात बारक्याच्या पुढे ‘सांभाळ केलेला मुलगा’ असे होते. मी म्हणालो, नुसते ‘मुलगा’ लिहा. वकील म्हणाले, पहिल्या कलमात रक्ताचे नाही म्हणता आणि इथे मुलगा म्हणता, उद्या कोर्टात शब्दाचा कीस निघेल. मी म्हणालो, निघू द्या. ते समजावू लागले, मी ऐकेना, आवाज वाढले, सहीसाठी पुन्हा आलेली थोरलीही मध्ये पडली. तेवढ्यात जिन्यात पावले वाजली आणि बारक्या डोकावला. अंगावर कापलेले केस, हातात कंगवा.

“काय ठरतंय?”

वकिलांनी त्यालाच विचारले, “तुमचं काय म्हणणं? काय लिहू?”

तो म्हणाला, “काहीही लिहा हो. बाबा, खाली दोघं खोळंबलेत, एकाला तुमच्याच हातचं पाहिजे. येताय ना?”

वकिलांनी पेन उचलले, दोन शब्द खोडले आणि ‘मुलगा’ एवढाच ठेवला. मी सही करून खाली निघालो आहे.

ठिकाण : दुकानाच्या वरची खोली, खिडकीजवळ.
वेळ : गुरुवार, दुपार, चहा झाल्यावर.

(सही) लिहून ठेवणार, कात्रीकाका

आमच्यासमोर, एकाच वेळी, लिहून ठेवणाराने समजून-उमजून सही केली, म्हणून साक्ष :

१. (सही) समोरच्या घरातील निवृत्त मुख्याध्यापिका. शुद्धलेखन तपासले. ठीक.

२. (अंगठा व सही, दोन्ही) इस्त्रीवाला. वकील म्हणाले सही पुरते, पण जास्त असलेले बरे.