हन्नाबाईंच्या चित्रांना कोणी हात लावू नये

मी, एस्तेर बेंजामिन नवगावकर, वय ७६, राहणार अल बर्शा, दुबई, मूळची अलिबागकडची बेने इस्राएल ज्यू, पूर्ण शुद्धीवर राहून व कोणाच्याही दडपणाशिवाय ही शेवटची इच्छा लिहून ठेवते. शुद्धीबद्दल माझा मुलगा रूबेन शंका काढणारच, म्हणून डॉक्टरांचा दाखला जोडला आहे. मजकूर हाताने लिहिला, कारण लॅपटॉप त्याचा आहे.

१. अलिबागची वाडी रूबेनला. विकणार नाही म्हणतो. बघू.

२. बांगड्या व आमच्या मलिद्याच्या विधीचं ताट सून शुभ्राला. हिंदू घरातली असून मलिदा माझ्यापेक्षा चांगला करते. हे तिला आत्ता कळू देऊ नये, शेफारेल.

३. आता खरी इस्टेट. माझ्या चित्रकलेच्या शिक्षिका हन्नाबाई नाझींच्या छळछावणीतून वाचून मुंबईला आल्या. घरचं कोणी उरलं नव्हतं. तिथे जे पाहिलं ते त्यांनी कोळशाने काढलं आणि ती चित्रं माझ्या हवाली केली.

इथल्या करामा भागातला फ्रेमवाला दत्ताराम आमच्याच गावाकडचा, म्हणून भरवसा ठेवला. त्याने पहारेकऱ्याच्या दंडावरचं नाझी चिन्ह खोडून सरळ केलं, वर चार लाल ठिपके दिले! म्हणाला, "मावशी, स्वस्तिक तिरकं होतं. अपशकुन नको." अरे मेल्या, त्या खुणेखाली लाखो माणसं मारली! कळल्यावर ढसाढसा रडला बिचारा. ठिपके पुसू नयेत, पुसताना उरलासुरला कोळसाही जाईल. घडलं ते चित्राखाली लिहावं.

४. एका चित्रात हन्नाबाईंची धाकटी बहीण आहे. चेहऱ्याची जागा कोरी, कारण त्यांना तो आठवेना. रूबेनने चित्राचा फोटो काढून मोबाइलकडून तिथे गोड हसरी पोरगी काढून घेतली. "आई, आता कम्प्लीट दिसतं." दत्तारामला माफ केलं, ह्याला नाही.

५. सबब चित्रं रूबेनला नाहीत. गॅलरीवाल्या नबिलाबाईंनाही नाहीत. "जरा सौम्य तेवढीच लावू" म्हणाल्या, तेव्हाच ओळखलं. सर्व चित्रं नात मिहिकाला, तिने ती लोकांना दाखवावीत.

तिच्यावरही माझी नजर होतीच. कोऱ्या चेहऱ्याकडे बघत तिने विचारलं, "आजी, व्हॉट वॉज हर नेम?" इतक्या वर्षांत हे कोणी विचारलं नव्हतं. लिली, म्हटलं. तिने पेन्सिल मागितली. वाटलं, आता हीही चेहरा काढणार. पण पोरीने फ्रेम उलटी केली आणि मागच्या पुठ्ठ्यावर मराठीत लिहिलं: "लीलि". ऱ्हस्व-दीर्घ दोन्ही चुकलं. मी दुरुस्त केलं नाही.

सही: एस्तेर बें. नवगावकर
साक्षीदार: दत्ताराम म्हात्रे (समोर बसवून सगळं वाचायला लावलं); मरिसा डाबरे, शेजारीण
दुबई, १२ फेब्रुवारी २०२५