बंड्याला पंख फुटले

आमली, सिल्वासा
रविवार

चि. जयवंत यास रघुनाथचे अनेक आशीर्वाद. तुम्ही सगळे मुंबईत खुशाल असालच. आमची खुशाली विचारू नकोस, विचारलीस तर खरं सांगावं लागेल.

आमची प्राजक्ता कॉलेजसाठी तुझ्याकडे राहायला निघाली, तेव्हा तू तिला पूर्वी दिलेलं बॅटरीचं पिल्लू आईला करमावं म्हणून इथेच ठेवून गेली. (म्हणजे मुळात दोष तुझा.) अंड्याएवढं खेळणं, इवल्याशा पडद्यावर कोंबडीचं पिल्लू. भूक लागली की टूं-टूं वाजतं; मग बटण दाबून भरवायचं, शी काढायची, दिवा मालवायचा. मी हसलो. पण प्रमिलानं (तुझी ताई, तुला काय सांगायचं) त्याचं नाव बंड्या ठेवलं आणि खेरडी गावच्या हळदीकुंकवाला पदरात बांधून नेलं. वाण घेण्याआधी त्याला भरवलं.

गेल्या आठवड्यात तिला ताप आला, म्हणून बंड्याला मी ऑफिसात नेलं. नेमकी साहेबांची तपासणी निघाली. त्यांना टूं-टूं ऐकू जाऊ नये म्हणून मी त्याला खणात फायलींखाली कोंबलं. संध्याकाळी पाहतो तर पडद्यावर पंख फुटलेलं काहीतरी तरंगत होतं. मला वाटलं, पोरगा मोठा झाला. घरी पेढे नेले. प्रमिलानं एक देवापुढे ठेवला आणि अंगात ताप असताना माझ्याबरोबर एसटीडी बूथवर आली. मी प्राजक्ताला बातमी दिली, तर ती हसत सुटली. "अहो बाबा, मेलं ते. मागच्या भोकात टाचणी घाला, दुसरं येतं."

प्रमिला माझ्या खांद्याशी कान लावून उभी होती. घरी येऊन तिनं डोक्यावरून अंघोळ केली. तेव्हापासून आमटीला फोडणी नाही. (बॅटरीच्या जिवाचं सुतक किती दिवस, हे भटजींना विचारायची मला लाज वाटते.) मी टाचणी घातली, दुसरं पिल्लू आलंही. तिच्यापुढे धरलं तर म्हणाली, "ह्याला आपण कोण ते कुठं माहीत आहे?" आणि भिंतीकडे तोंड करून निजली. जेवण जवळपास सोडलंच आहे. हसू नकोस. मीही आधी हसलोच होतो. पण आता घरात कुणी काही मागत नाही, जयवंत, आणि ते मला सोसत नाही.

तुझा,
रघुनाथ

ता.क. नवीन खेळणं पाठवू नकोस. प्राजक्ताला शनिवारी वापीच्या गाडीत बसवून दे. क्लास आहे म्हणेल. बाबा आजारी आहेत असं सांग.

ता.क. २. पत्र टाकायच्या आधी प्रमिलाला म्हटलं, बूथवर चल, पोरीशी बोल. आली नाही. म्हणाली, "नुसता आवाज येतो. आवाजाला काय भरवायचं?" तेव्हा मी आजारी असल्याचं सांगू नकोस. खरं काय ते सांग.